गाडीतल्या स्क्रीनचं दुखणं: फोनचं, केबलचं की गाडीचं?

२०२२ च्या जानेवारीत अमेरिकेतल्या सिएटल परिसरात काही माझदा गाड्यांचे रेडिओ एकाच स्टेशनला चिकटून बसले. ९४.९ मेगाहर्ट्झवरचं केयूओडब्ल्यू हे स्टेशन एकदा लागलं की ते बदलताच येईना. स्क्रीन बंद होई, पुन्हा चालू होई, परत बंद होई. चौकशीत निघालेलं कारण मजेशीर होतं. या स्टेशनच्या डिजिटल प्रसारणाबरोबर जाणाऱ्या काही चित्रांच्या फाइलींना नावामागे 'जेपीजी'सारखी ओळखच लावलेली नव्हती. आणि अशी बेनामी फाइल आली तर काय करायचं, हे २०१४ ते २०१७ च्या त्या गाड्यांमधल्या सॉफ्टवेअरला कोणी शिकवलं नव्हतं. तार तुटलेली नव्हती, स्पीकर जळलेला नव्हता. एका फाइलच्या नावाने रेडिओ आडवा पडला होता.

आपल्याकडे त्या जातीचं प्रसारण नाही, पण तसले संगणक आता मध्यम किमतीच्या गाड्यांतही आले आहेत. गाडी ताब्यात देताना शोरूममधला मुलगा पाच मिनिटांत फोन जोडून देतो, पुढचं सगळं मालकाच्या गळ्यात. काही महिन्यांनी गाणं मध्येच तुटायला लागतं, नकाशा गोठतो, पलीकडच्या माणसाला आपला आवाज घुमल्यासारखा येतो. मग कोणीतरी सांगतं, "अपडेट मारा, होईल नीट." कधी होतंही. पण पुष्कळदा दुखणं एकीकडे आणि औषध दुसरीकडे, अशीच गत असते.

## एका स्क्रीनचे तीन धनी

स्क्रीन आणि तिच्या पाठीमागचा संगणक मिळून जो डबा होतो, त्याला या धंद्यात हेड युनिट म्हणतात. रेडिओ, पेन ड्राइव्हवरची गाणी, ब्लूटूथ, आवाजाच्या सेटिंग, मागच्या कॅमेऱ्याचं चित्र, काही गाड्यांत एसीचे आकडेसुद्धा या डब्यातलं गाडीचं स्वतःचं सॉफ्टवेअर सांभाळतं. हा पहिला धनी.

दुसरा धनी तुमचा फोन. फोनमधले नकाशे आणि गाणी गाडीच्या स्क्रीनवर आणणारी अँड्रॉइड ऑटो आणि ॲपल कारप्ले चालतात ती फोनमध्ये. गाडी त्यांना फक्त पडदा, स्पीकर, माइक आणि बोटाचा स्पर्श पुरवते. नाट्यगृह आणि दौऱ्यावर आलेली नाटक मंडळी यांच्यातलंच हे नातं. रंगमंच, दिवे, माइक नाट्यगृहाचे. नट, संवाद आणि नेपथ्य मंडळींचं. नट संवाद विसरला म्हणून नाट्यगृहाच्या व्यवस्थापकाला जाब विचारत नाहीत, आणि माइक खरखरला तर नटाला दोष देत नाहीत. तेव्हा अँड्रॉइड ऑटोमध्ये नवा पूल दिसत नाही म्हणून गाडी वर्कशॉपला नेण्यात अर्थ नाही. तो नकाशा फोनमधल्या ॲपचा आहे.

तिसरा धनी म्हणजे या दोघांमधली जोडणी: केबल, ब्लूटूथ किंवा वाय-फाय. हिच्यावर संशय सगळ्यांत शेवटी घेतला जातो, घ्यायला हवा सगळ्यांत आधी.

अँड्रॉइड ऑटोमोटिव्ह ही आणखी वेगळी गोष्ट आहे. ती फोनशिवाय थेट गाडीतच चालणारी गूगलची प्रणाली. पोलस्टार २ या गाडीतून ती २०२० मध्ये ग्राहकांपर्यंत पोहोचली. तिथे गाडी स्वतःच नकाशा आणि गाण्यांची ॲपं चालवते. २०२३ मध्ये जनरल मोटर्सने आपल्या पुढच्या इलेक्ट्रिक गाड्यांतून कारप्ले आणि अँड्रॉइड ऑटो वगळायचं जाहीर केलं तेव्हा गदारोळ झाला, तो यावरूनच. बाहेरच्या मंडळींना दार बंद, यापुढे नाट्यगृहाचंच नाटक बघा, असा तो निर्णय होता.

दुखणं कोणाचं हे ओळखायला फार वेळ लागत नाही. फोन पूर्ण सोडवा, त्याचं ब्लूटूथ बंद करा आणि एफएम लावा. एफएम ऐकतानाही स्क्रीन गोठत असेल, बटण दाबल्यावर उशिरा जाग येत असेल, तर दोष हेड युनिटचा. एफएम ठणठणीत असेल तर दुसऱ्या कोणाचा फोन त्याच केबलने जोडा. तो नीट चालला तर तुमच्या फोनकडे बघा. तोही तुटला तर केबल बदला. नव्या केबलवरही दोन्ही फोन तुटत असतील, तरच गाडीचं यूएसबी पोर्ट किंवा सॉफ्टवेअर तपासायची वेळ आली असं समजा.

## 'ब्लूटूथ जोडलं' म्हणजे चार गोष्टी जोडल्या

फोन आणि गाडी यांच्यात ब्लूटूथवरून एकाच वेळी चार वेगवेगळी कामं चालतात: कॉलचा आवाज, गाण्यांचा आवाज, पुढचं-मागचं गाणं लावण्याच्या सूचना, आणि फोनबुक गाडीत उतरवणं. यातलं एखादं बंद राहिलं तरी बाकीची चालू राहतात. कॉल गाडीत येतात पण गाणं फोनमधूनच वाजतं, या नेहमीच्या तक्रारीचं मूळ इथे आहे. अँड्रॉइड फोनच्या ब्लूटूथ यादीत गाडीच्या नावाशेजारचं दातेरी चाक दाबलं की कॉल, मीडिया आणि संपर्क यांची वेगळी बटणं दिसतात. मीडियाचं बंद असेल तर चालू करा, काम झालं.

पहिल्यांदा जोडताना गाडी उभी ठेवा, कारण बऱ्याच गाड्या चालत्या स्थितीत नवा फोन घेतच नाहीत. दोन्ही स्क्रीनवर सहा आकडी संख्या दिसते. ती जुळते का बघा आणि मगच होकार द्या. त्यानंतर फोन संपर्क वाचू द्यायचे का असं विचारतो. घाईत तिथे 'नको' दाबलं जातं आणि मग गाडीत नावांऐवजी नुसते नंबर दिसत राहतात.

फोनमध्ये मोठं अपडेट झाल्यावर जोडणी बिघडली तर जोडलेल्या उपकरणांच्या यादीतून नाव दोन्हीकडे काढा, फोनमधूनही आणि गाडीतूनही. जोडताना दोघंही एक गुप्त किल्ली साठवून ठेवतात. एकीकडची पुसली आणि दुसरीकडची तशीच राहिली की दोघंही एकमेकांना नाकारत बसतात, आणि मालकाला वाटतं ब्लूटूथची चिप गेली.

कॉलवर आवाज नीट जात नसेल तर आधी माइक शोधा. तो बहुधा छतावर, पुढच्या दिव्याच्या आसपास बारीक छिद्रांच्या जाळीमागे असतो. काचेवरच्या वाफेसाठी हवा वर वळवलेली असेल तर ती काचेवरून सरकत थेट या जाळीवर येते आणि पलीकडच्याला सोसाट्याचा वारा ऐकू येतो. पंखा दोन घर कमी केला की फरक कळतो. कॉलचा आवाज गाण्यापेक्षा पातळ असणं मात्र बिघाड नाही. कॉलच्या वाहिनीवर आवाजाचे नमुने सेकंदाला आठ किंवा सोळा हजार वेळाच घेतले जातात. गाण्यासाठी ते प्रमाण साधारण ४४ हजारांच्या पुढे असतं.

## केबल लहान असावी आणि खरी असावी

स्वस्त केबलींपैकी काहींमध्ये फक्त चार्जिंगच्या तारा असतात, माहिती वाहून नेणाऱ्या नसतातच. फोन चार्ज होतो म्हणजे केबल चांगली, हा निष्कर्ष म्हणूनच चुकतो. अँड्रॉइड ऑटोसाठी एक मीटरपेक्षा लांब केबल नको. पोर्टही बघून घ्या: पुढच्या दोन पोर्टपैकी अनेकदा एकच माहितीसाठी असतं, त्याच्याशेजारी फोनचं किंवा यूएसबीचं चिन्ह असतं, आणि मागच्या सीटवरची बहुधा नुसती चार्जिंगची. फोन खिशात वावरत असेल तर त्याच्या पोर्टमध्ये कापसाचे धागे दाबून बसतात. केबल पूर्वीसारखी 'टक्' करून बसत नसेल तर फोन बंद करून लाकडी टूथपिकने ते हलके काढा. पिन घालू नका.

वायरलेसमध्ये ब्लूटूथ फक्त ओळख करून देतं. नकाशाचं चित्र आणि गाणी त्यानंतर वाय-फायवरून जातात, तेही सहसा ५ गिगाहर्ट्झवर. म्हणून फोनचं वाय-फाय बंद असेल तर जोडणी अर्ध्यावर अडकते. अँड्रॉइड ११ किंवा त्यापुढची प्रणाली आणि ५ गिगाहर्ट्झ वाय-फाय असलेला फोन यासाठी लागतो. सोय आहे, पण तिची किंमत फोन मोजतो. जीपीएस, मोबाइल डेटा आणि वाय-फाय एकदम चालू, त्यात फोन वायरलेस चार्जरच्या खाचेत. मे महिन्यात सोलापूर-नागपूरकडे असा फोन इतका तापतो की आधी चार्जिंग थांबवतो, मग वेग कमी करतो आणि नकाशा अडखळायला लागतो. लांबच्या प्रवासाला केबलच बरी.

## पेन ड्राइव्ह दिसतो, गाणी दिसत नाहीत

बहुतेक हेड युनिट फॅट३२ या पद्धतीने फॉरमॅट केलेला पेन ड्राइव्ह बिनतक्रार वाचतात. एक्सफॅट काही वाचतात, एनटीएफएस त्याहून कमी. अडचण अशी की बहुतेक संगणकांवर विंडोजची फॉरमॅटची नेहमीची खिडकी ३२ जीबीच्या वरच्या ड्राइव्हला फॅट३२ चा पर्याय दाखवतच नाही. गाडीसाठी १६ किंवा ३२ जीबीचा साधा ड्राइव्ह घेतला की हा प्रश्नच उरत नाही.

मराठी गाण्यांच्या नावांऐवजी चौकोन किंवा प्रश्नचिन्हं दिसत असतील, तर त्या हेड युनिटमध्ये देवनागरी अक्षरं बसवलेली नाहीत किंवा गाण्याची माहिती जुन्या पद्धतीने लिहिली गेली आहे. स्क्रीनवर दिसणारं नाव फाइलचं नसून फाइलच्या पोटात लिहिलेलं, म्हणजे 'टॅग'मधलं असतं. म्हणून फाइलचं नाव बदलून काही फरक पडत नाही. संगणकावर 'एमपी३टॅग'सारख्या मोफत प्रोग्रॅमने टॅग युनिकोडमध्ये पुन्हा लिहून बघा. तरीही चौकोनच आले तर दोष अक्षरांचा. मग रोमन लिपीत नावं देण्याला पर्याय नाही. गाण्यांचा क्रम हवा तसा ठेवायचा तर मात्र फाइलच्या नावाआधी ००१, ००२ असे आकडे घाला. मॅक संगणकावरून गाणी भरली असतील तर प्रत्येक गाण्यामागे एक अदृश्य फाइल तयार होते, आणि गाडी ती वाजवायला जाऊन 'फाइल वाचता येत नाही' म्हणते. गाणी नीट आहेत, ती भुतं तेवढी पुसा.

## आवाज: आधी फोन वर, मग गाडी

ब्लूटूथवर फोनचा आवाज अर्ध्यावर आणि गाडीचा शेवटाला, ही मांडणी उलटी आहे. फोनकडून दुबळा आवाज आला की गाडीचा ॲम्प्लिफायर त्याच्याबरोबर खरखरही मोठी करतो. फोन जवळजवळ पूर्ण वर ठेवा आणि कमी-जास्त गाडीच्या बटणाने करा. गाण्यांच्या ॲपमध्ये मोबाइल डेटासाठी दर्जा 'ऑटो' किंवा 'लो' असेल तर तोही वाढवा. उत्तम स्पीकरांतून हलक्या दर्जाचं गाणं जास्तच हलकं वाटतं.

स्टीरिओच्या खोक्यावर '५० वॉट गुणिले ४' लिहिलेलं असतं, त्याकडे फारसं लक्ष देऊ नका. गाडीची वायरिंग इंजिन चालू असताना साधारण १४.४ व्होल्ट देते आणि स्पीकरचा अवरोध बहुधा ४ ओहम असतो. एवढ्यात हेड युनिटमधल्या साध्या ॲम्प्लिफायरला एका स्पीकरला सलग २०-२२ वॉटच्या फार पुढे जाताच येत नाही. हे साधं गणित आहे. म्हणून बेस पूर्ण वर ओढून आवाज शेवटाला नेला की ॲम्प्लिफायरची दमछाक होते, लहरींचे शेंडे कापले जातात, आवाज फाटतो आणि दारातले छोटे स्पीकर कालांतराने जातात. इक्वलायझरमध्ये, म्हणजे जाड-बारीक आवाजाच्या पट्ट्या वेगवेगळ्या लावायच्या पानावर, वाढवण्यापेक्षा कमी करायची सवय लावा. ट्रेबल टोचतोय? तो एक-दोन घर खाली आणा. बेस हवाय? बेसला हात न लावता मधल्या पट्ट्या थोड्या उतरवा आणि एकूण आवाज वाढवा.

चालकाला गाणं नेहमी उजव्या दारातून येतंय असं वाटतं, कारण उजवा स्पीकर जवळ आणि डावा लांब. आवाज सेकंदाला साधारण ३४० मीटर जातो. दोन स्पीकरांच्या कानापासूनच्या अंतरात अर्ध्या मीटरचा फरक असेल तर लांबचा आवाज दीड मिलिसेकंद उशिरा पोहोचतो. ऐकायला किरकोळ वाटतं, पण कान तेवढ्यावरूनच दिशा ठरवतो. काही गाड्यांत 'टाइम अलाइनमेंट' किंवा 'ड्रायव्हर' बैठक निवडायची सोय असते. ती जवळच्या स्पीकरला तेवढा वेळ थांबवते. ती नसेल तर बॅलन्स एक-दोन घर डावीकडे सरकवा आणि फेडर, म्हणजे पुढच्या-मागच्या स्पीकरांतला तोल, किंचित पुढे आणा. वेगाबरोबर आवाज वाढवणारी सेटिंग मधल्या पायरीवर ठेवावी. शेवटच्या पायरीवर ती घाटात प्रत्येक वळणाला आवाज खाली-वर करत राहते.

## रेडिओ आणि घड्याळ

आपल्याकडे एफएम ८७.५ ते १०८ मेगाहर्ट्झ आणि मध्यम लहरींची स्टेशनं ९ किलोहर्ट्झच्या अंतराने असतात. पुणे आकाशवाणीचा ७९२ हा आकडा नऊच्या पाढ्यात बसतो. अमेरिकेसाठी बनवलेला स्टीरिओ दहाच्या टप्प्याने जातो, म्हणून तो ७९० वर थांबतो आणि पुढचं पाऊल थेट ८०० वर टाकतो. एफएमवरही तो १००.९, १०१.१ असे विषम दशांशच पकडतो, त्यामुळे पुण्याची १०१ वरची विविध भारती त्याला नीट गवसत नाही. सेटिंगमध्ये रेडिओचा प्रदेश बदलायची सोय असते; बदलला की जमतं. न्यूझीलंडमध्ये जपानहून आलेली जुनी गाडी घेतलेल्या मराठी कुटुंबांना याचाच दुसरा अवतार भेटतो. जपानी एफएमचा पट्टा ७६ मेगाहर्ट्झपासून सुरू होतो आणि जुन्या रेडिओंत ९० वर संपतो, तिथे बहुतेक स्टेशनं सापडतच नाहीत. त्यावर सॉफ्टवेअरचा उपाय नाही. वेगळा जोड लावावा लागतो किंवा रेडिओच बदलावा लागतो.

घड्याळ चुकत असेल तर आधी 'जीपीएस टाइम' चालू आहे का आणि वेळपट्टा अधिक साडेपाच तास आहे का ते बघा. जीपीएस आठवडे मोजतं आणि जुन्या पद्धतीत १,०२४ आठवडे झाले की मोजणी पुन्हा शून्यावर येते. २०२२ च्या १ जानेवारीला होंडाच्या अनेक जुन्या गाड्यांची घड्याळं २००२ सालात गेली, ती आठवडे मोजण्यातल्या अशाच चुकीमुळे. मालकांनी कितीही वेळा वेळ लावली तरी घड्याळ मागेच जाई.

## अपडेट नक्की कशाचं होतं?

तीन वेगळ्या गोष्टींना आपण 'अपडेट' म्हणतो. फोनमधलं अँड्रॉइड ऑटो किंवा नकाशाचं ॲप प्ले स्टोअरमधून बदलतं, त्यात गाडीचा संबंध नाही. गाडीतला स्वतःचा नकाशा वेगळा. तो काही कंपन्या ठराविक वर्षं मोफत देतात, नंतर पैसे मागतात. आणि तिसरं हेड युनिटचं सॉफ्टवेअर, म्हणजे फर्मवेअर. ते तीन वाटांनी येतं: गाडीतल्या सिमवरून किंवा हॉटस्पॉटवरून आपोआप, पेन ड्राइव्हवरून, किंवा फक्त सर्व्हिस सेंटरच्या यंत्रावरून. तुमच्या गाडीला कुठली वाट आहे हे मॅन्युअलमध्ये असतं. ह्युंदाई आणि किया यांचा तर संगणकावर बसणारा 'नेव्हिगेशन अपडेटर' आहे. तो गाडीचं मॉडेल निवडलं की फाइली थेट पेन ड्राइव्हवर भरून देतो.

हॉटस्पॉटने करायचं असेल तर एक खोच आहे. तुमचा फोन वायरलेस अँड्रॉइड ऑटोवर असेल तेव्हा त्याचं वाय-फाय गाडीशी बोलण्यात गुंतलेलं असतं, आणि त्याच वेळी हॉटस्पॉट सुरू केला की बऱ्याचदा दोन्ही तुटतात. हॉटस्पॉट दुसऱ्या फोनवरून द्या.

## पेन ड्राइव्हने अपडेट करताना

सेटिंगमध्ये 'सिस्टीम' किंवा 'अबाउट' या पानावर सध्याची आवृत्ती आणि युनिटचा क्रमांक असतो. त्या पानाचा फोटो काढून ठेवा. एकाच गाडीच्या दोन प्रकारांत वरून सारखी दिसणारी पण आतून वेगळ्या कंपनीची युनिटं असू शकतात, म्हणून गाडीच्या नावावर न जाता या क्रमांकावर जा. काही संकेतस्थळं १७ अक्षरी चासी क्रमांक मागतात. तो नोंदणी पुस्तकात असतो. फाइल कंपनीच्याच संकेतस्थळावरून उतरवा.

ड्राइव्ह रिकामा हवा. झिप फाइल संगणकावरच सोडवा आणि आतल्या फाइली ड्राइव्हच्या मुळाशी टाका; एखाद्या फोल्डरच्या आत ठेवल्या तर युनिटला दिसत नाहीत. नावाला हात लावू नका. तीच फाइल दुसऱ्यांदा उतरवली की संगणक तिच्या नावात कंसातला १ घालतो, आणि एवढ्या कारणाने 'अपडेट सापडलं नाही' असा निरोप येतो. फॅट३२ वर ४ जीबीपेक्षा मोठी फाइल मावत नाही. तसं असेल तर कंपनीने कुठलं फॉरमॅट सांगितलंय ते वाचा. भरून झालं की ड्राइव्ह 'इजेक्ट' करूनच काढा.

आता वीज. पूर्ण भरलेली बॅटरी उभ्या गाडीत १२.६ व्होल्टच्या आसपास असते, १२.२ म्हणजे अर्धी संपली. अपडेटला अर्धा-पाऊण तास लागू शकतो आणि इंजिन बंद असेल तर बॅटरी वाचवण्यासाठी गाडी स्वतःच स्क्रीन बंद करू शकते. म्हणून कंपनीने वेगळं सांगितलं नसेल तर इंजिन चालू ठेवा. पण मोकळ्या जागेत. तळघरातल्या पार्किंगमध्ये किंवा बंद गॅरेजमध्ये कदापि नाही, धुरातला कार्बन मोनॉक्साइड जीव घेतो. सिग्नलला इंजिन आपोआप बंद करणारी सोय बंद करा, कारण इंजिन पुन्हा सुरू होताना व्होल्टेज क्षणभर खाली बसतं. इलेक्ट्रिक गाडी 'रेडी' अवस्थेत ठेवा; तेव्हाच मोठी बॅटरी लहान बॅटरीला चार्ज करत राहते.

सुरू झाल्यावर रिव्हर्स टाकू नका, दुसरा ड्राइव्ह लावू नका, फोनचं ब्लूटूथ बंद ठेवा. स्क्रीन मधे काळी होईल, दोन-तीनदा कंपनीचं बोधचिन्ह येईल. घाबरून चावी फिरवू नका. बऱ्याच युनिटांत दुसरा टप्पा असतो, ज्यात बटणं आणि वीज सांभाळणाऱ्या छोट्या चिपचं सॉफ्टवेअर बदलतं. पहिला टप्पा झाला की 'झालं' समजून ड्राइव्ह उपटणारे इथे फसतात. शेवटी आवृत्तीचा आकडा बदललाय का बघा, मागचा कॅमेरा, स्टिअरिंगवरची बटणं आणि कॉलचा माइक तपासा, आणि इक्वलायझर पुन्हा लावा.

## "मधेच बंद पडलं तर गाडी गेली का?"

गाडी नाही, फार तर स्क्रीन. नवी युनिटं जुनी आणि नवी अशा दोन प्रती वेगळ्या कप्प्यांत ठेवतात आणि नवी उठली नाही तर जुनीवर परततात. जुन्या युनिटांत एकच कप्पा असतो. तिथे वीज गेली तर सर्व्हिस सेंटर गाठावं लागतं.

कंपन्यांच्या हातूनही चुका होतात. २०२३ च्या नोव्हेंबरमध्ये अमेरिकेतल्या रिव्हियन या इलेक्ट्रिक गाड्यांच्या कंपनीने चुकीचं सुरक्षा प्रमाणपत्र जोडलेलं अपडेट इंटरनेटवरून पाठवलं आणि काही गाड्यांच्या स्क्रीन अर्ध्यातच अडकल्या. गाड्या मात्र चालत राहिल्या. यातून एक शहाणपण घेण्यासारखं आहे: अपडेट आल्याच्या दिवशीच घेऊ नका, आठवडाभर थांबा. लांबच्या प्रवासाच्या आदल्या रात्री तर नाहीच.

## "चालतंय तर हात कशाला लावायचा?"

निव्वळ नवेपणासाठी लावू नका, हे मान्य. गाणी वाजतात, फोन जोडला जातो, कॅमेरा येतो, तर नव्या रंगाच्या चिन्हांसाठी अर्धा तास इंजिन चालवण्यात हशील नाही. अपडेटने स्पीकरही सुधारत नाहीत. स्क्रीन मंद झाली म्हणून अपडेट करणाऱ्यांनीही जपून अपेक्षा ठेवावी: आतली साठवण झिजली असेल तर सॉफ्टवेअरने ती नवी होत नाही. टेस्लाला २०२१ मध्ये सुमारे १,३५,००० गाड्या परत बोलवाव्या लागल्या, त्या ८ जीबीची मेमरी सततच्या लिहिण्याने झिजून स्क्रीन बंद पडायला लागल्या म्हणून.

पण जे हेड युनिट इंटरनेटला जोडलेलं आहे त्याचा हिशेब वेगळा. २०१५ मध्ये चार्ली मिलर आणि ख्रिस व्हॅलासेक या दोन संशोधकांनी धावत्या जीप चेरोकीत दुरून, तिच्या म्युझिक सिस्टीमच्या वाटेने शिरकाव करून दाखवला आणि इंजिनची ताकद चाकांपर्यंत पोहोचणं थांबवलं. फियाट क्रायस्लरने त्यानंतर १४ लाख गाड्यांसाठी सुधारणा काढली आणि मालकांना ती पेन ड्राइव्हवर टपालाने पाठवली. सुरक्षेसाठी म्हणून आलेलं अपडेट टाळू नका. वाहनांतली सॉफ्टवेअर अपडेट कशी हाताळावीत यासाठी संयुक्त राष्ट्रांचा आर१५६ हा नियम आहे, आणि त्याच धर्तीवर आपल्याकडे एआयएस-१९० हे मानक आहे.

## "इंटरनेटवर कोणीतरी दिलेली फाइल चालेल का?"

नको. युनिट कंपनीची डिजिटल सही नसलेली फाइल सहसा घेत नाही, आणि सही तपासणं बंद करून घुसवलेली फाइल बिघडली तर कंपनी वॉरंटीत हात वर करेल, तेही रास्तपणे. गुप्त मेनू उघडायचे आकडेही फिरत असतात. तिथे गाडीचा प्रकार, कॅमेरा, ॲम्प्लिफायर आणि देश ठरवणाऱ्या सेटिंग असतात. एखादी चुकून बदलली की स्पीकर मुके होतात, आणि मूळ आकडा काय होता ते कोणालाच ठाऊक नसतं.

## "त्यापेक्षा बाहेरून मोठी स्क्रीन लावली तर?"

जुन्या गाडीत साधा रेडिओ असेल तर चांगला पर्याय. नव्या गाडीत दहादा विचार करा, कारण मूळ युनिट काढल्यावर एसीची माहिती, गाडीच्या सेटिंग, कधी दारं लॉक होण्याच्या सेटिंगसुद्धा त्याच्याबरोबर जातात. लावायचीच असेल तर तारा न कापता त्या गाडीचा तयार कपलर, म्हणजे तारांचा जोड, वापरायला सांगा, आणि स्टिअरिंगवरच्या बटणांचे संदेश नव्या स्क्रीनला समजावणारा कॅनबस डबा त्याच गाडीचा आहे का ते विचारा. हँडब्रेकची तार गाडीच्या बॉडीला जोडून, म्हणजे हँडब्रेक ओढलेला आहे असं स्क्रीनला भासवून, चालत्या गाडीत व्हिडिओ चालू करून देतो असं फिटर प्रेमाने सांगेल, नकार द्या. स्वस्त अँड्रॉइड स्टीरिओंत 'अबाउट'च्या पानावर दाखवलेली आवृत्ती आणि मेमरी खोटी लिहिलेली सापडते. दुकानातच उपकरणाची माहिती दाखवणारं एखादं ॲप टाकून खरे आकडे बघून घ्या. आणि फर्मवेअर कोण देणार, हे पैसे देण्याआधी विचारा. उत्तर 'व्हॉट्सॲपवर पाठवतो' असेल तर दुकान बदला.

## गाडी विकताना आणि घेताना

हेड युनिटमध्ये तुमचं फोनबुक, कॉलची यादी, घर-ऑफिसचा पत्ता आणि हॉटस्पॉटचा पासवर्ड राहिलेला असतो. 'फॅक्टरी रीसेट' करा, त्याआधी इक्वलायझर आणि स्टेशनांचा फोटो काढून ठेवायचा तर काढा. पण एवढ्याने भागत नाही. ब्लूलिंक, किया कनेक्ट, सुझुकी कनेक्ट किंवा आयस्मार्टसारख्या सेवेत गाडी तुमच्या खात्याला जोडलेली असते, आणि ते नातं कंपनीच्या सर्व्हरवर असतं. ॲपमधून गाडी काढून टाकावी लागते. जुनी गाडी घेणाऱ्याने हे आधीच्या मालकाकडून आपल्यासमोर करून घ्यावं, पैसे देण्याआधी. नाहीतर गाडी कुठे उभी आहे हे त्याच्या फोनवर दिसत राहू शकतं आणि काही गाड्यांत दारं उघडण्याची सोयही त्याच्या हातात राहते. काही जुन्या होंडा, स्कोडा, फोक्सवॅगन गाड्यांत बॅटरी काढल्यावर रेडिओ एक कोड मागतो. तो मॅन्युअलबरोबरच्या छोट्या कार्डावर असतो. ते कार्डही मागून घ्या. कोड अंदाजाने टाकत बसू नका, काही चुकांनंतर रेडिओ बराच वेळ कुलूपबंद होतो.